अभिनय, कथक, गाणं आणि दिग्दर्शन: नागपुरात राहून यातलं काय काय जमेल?

प्रश्न थोडक्यात असा: वय २७, राहायला नागपूर. कथक विशारद, गाण्याचं शिक्षण झालेलं, राज्य नाट्य स्पर्धेत तीन नाटकांत भूमिका केलेल्या, कॉलेजात दोन एकांकिका बसवलेल्या. सकाळी एका शाळेत नृत्यशिक्षिकेची अर्धवेळ नोकरी. घरचे म्हणतात बँकेची परीक्षा दे, मित्र म्हणतात मुंबईला जा, नाटकातले ज्येष्ठ म्हणतात 'एक काहीतरी धर'. मग हे सगळं करत नागपुरात राहता येईल का, दिग्दर्शनाकडे कधी वळावं आणि नोकरी कधी सोडावी?

ताई, 'एक काहीतरी धर' हा सल्ला निम्मा बरोबर आहे. चार गोष्टी येतात ही तुमची अडचण नाहीच. या शहराला त्याचं नवलही नाही. नाटककार पुरुषोत्तम दारव्हेकर, म्हणजे आपले दारव्हेकर मास्तर, यांनी इथेच नाटकं लिहिली, बसवली, मुलांची रंगभूमी चालवली आणि आकाशवाणीत नोकरीही केली. तुमची खरी अडचण तुम्ही लिहिलेल्या आकड्यातच आहे: तीन नाटकं. आपल्याकडे हौशी नाटकाचा एक प्रयोग स्पर्धेत होतो, नंबर आला तर दुसरा अंतिम फेरीत, फार तर एखाद्या मंडळाच्या वर्धापनदिनाला तिसरा. मग फ्लॅट्स, म्हणजे नेपथ्याच्या चौकटी, कुणाच्या तरी गच्चीवर पावसात भिजत पडतात. म्हणजे कथकचा रियाज तुम्ही वर्षानुवर्षं रोज केला, पण प्रेक्षकांसमोर अभिनय जेमतेम सात-आठ संध्याकाळी केला. तुमच्यातली नर्तकी मुरलेली आहे, नटी अजून नवखी आहे, आणि दोघी एकाच अंगात राहतात.

पहिले दोन प्रयोग वाक्यं आणि जागा सांभाळण्यात जातात. चौथ्या-पाचव्या प्रयोगाला समोरचा काय बोलतोय ते खरोखर ऐकू यायला लागतं. दहाव्याच्या पुढे कळतं, की टाळ्यांच्या एका वाक्यासाठी आपण आधीची तीन वाक्यं उगाच पळवतोय. हे शिकवून येत नाही, प्रयोग लागले तरच येतं. म्हणून माझं उत्तर असं: नागपुरात राहून जमेल, पण आधी परत परत करता येईल असं एक छोटं नाटक उभं करा. बाकी सगळं त्याच्या आजूबाजूला लावा.

काही गोष्टी तुमच्या परिस्थितीवर अवलंबून आहेत आणि त्या मला इथून दिसत नाहीत. घरी दरमहा पैसे द्यावे लागतात का? रात्रीचा प्रवास चालेल का, म्हणजे घरच्यांना आणि तुम्हालाही? तिसरा प्रश्न कुणी विचारत नाही, पण तोच सगळ्यात मोठा: मानधनाचा आकडा फोनवर न अडखळता सांगता येतो का? येत नसेल तर पैशाचं बोलणारा एक माणूस टीममध्ये घ्याच. गुणी कलाकारांचे ग्रुप इथेच बुडतात.

आता अंगातल्या विद्या एकमेकींच्या आड कशा येतात ते बघू. कथक शिकलेलं शरीर प्रत्येक हालचाल पूर्ण करतं. हात उचलला की तो कुठेतरी सुंदर जागी जाऊन थांबतो, वळलात की समेवर येता. वास्तववादी नाटकात हेच खटकतं. समजा, प्रवेशात आई पोळ्या लाटतेय आणि मुलगी म्हणते, 'मी घर सोडतेय'. इथे लाटणं अर्ध्यावर अडलं पाहिजे, मनगट पोळीच्या कडेवर तसंच राहिलं पाहिजे. नृत्य शिकलेली नटी नेमकी तिथे लाटणं अलगद बाजूला ठेवते, पाठ ताठ करते, मान वळवते. सगळं छान दिसतं आणि प्रवेश मरतो.

यावर उपाय आहे. घरात खरंच कणीक घेऊन बसा, तीन मिनिटांचं स्वगत पोळ्या लाटत म्हणा. पहिल्यांदा नेहमीच्या वेगाने. दुसऱ्यांदा अट अशी, की प्रत्येक वाक्याच्या मधोमध हात कुठेही असो, तो तिथेच थांबवायचा आणि वाक्य पूर्ण करायचं. तिसऱ्यांदा हाताची लय आणि बोलण्याची लय मुद्दाम वेगळी ठेवायची. कथकवाल्यांना हे तिसरं फार जड जातं, कारण पाय आणि बोल एकत्र आणण्यातच सगळी तालीम गेलेली असते. पंधरा दिवस रोज वीस मिनिटं करा. व्हिडिओ काढा, पण आवाज बंद करून बघा.

गाण्याची अडचण वेगळी. गाणाऱ्याला स्वतःचा आवाज ऐकायची सवय असते, आणि श्वास कुठे घ्यायचा ते चालीने ठरवून दिलेलं असतं. गद्यात ते कुणी ठरवून देत नाही. त्यातून मराठीत क्रियापद शेवटी येतं आणि नकार त्याच्याही नंतर. 'मी तुझ्यावर कधीच रागावले नव्हते' या वाक्यात श्वास 'रागावले'पाशी संपला, तर शेवटच्या रांगेत नेमका उलटा अर्थ पोहोचतो. संहितेत प्रत्येक वाक्याच्या शेवटच्या शब्दाखाली पेन्सिलीने रेघ ओढा आणि आठवडाभर वाक्यं उलट दिशेने बांधत म्हणा: आधी 'नव्हते', मग 'रागावले नव्हते', मग 'कधीच रागावले नव्हते'. श्वास आपोआप पुरवून वापरला जातो. सायंटिफिक सभागृहात वाक्य पडलं तर थोडंफार निभावतं. जवळपास दोन हजार खुर्च्यांच्या सुरेश भट सभागृहात माइक असूनही निभावत नाही, कारण माइक श्वासही मोठा करतो.

दिग्दर्शनाबद्दल माझं मत जरा कडक आहे. चार भूमिका केल्या की दिग्दर्शक व्हायचं, ही बढती नव्हे. तो वेगळा धंदा आहे. नट आतून बघतो, दिग्दर्शक आठव्या रांगेतून. पुढची दोन वर्षं कुणाच्याही नाटकात भूमिका मागण्याआधी तीन कामं मागून घ्या: एका नाटकात प्रकाशयोजनेचं ऑपरेटिंग, एकात रंगमंच व्यवस्था, एकात सहायक दिग्दर्शन. दिव्याच्या बोर्डवर बसलं की नाटकाची लय बोटांना कळते. रंगमंच व्यवस्थेत कळतं, की दिग्दर्शकाने लिहिलेला 'क्षणात बदल' म्हणजे अंधारात दोन माणसांनी बावीस सेकंद केलेली धावपळ. सहायक असताना चुकीचे निर्णय कसे घेतले जातात ते जवळून दिसतं, तेही फुकटात.

दोन एकांकिका बसवल्यात, म्हणून एक गोष्ट आत्ताच तपासा: तुमच्याकडे त्यांची दिग्दर्शनाची वही आहे का? संहितेचं प्रत्येक पान एका बाजूला चिकटवलेलं, समोरचं पान कोरं. कोऱ्या पानावर रंगमंचाचा छोटा आराखडा, कोण कुठून कुठे जातो ते बाणांनी. समासात प्रकाश आणि संगीताचे क्रमांक: प्र-१, प्र-२, सं-१. सगळं पेन्सिलीने. क्यू, म्हणजे दिवा किंवा संगीत बदलायची खूण, कुठल्या शब्दावर आहे ते लिहायचं, 'ती चिडते तेव्हा' असं नाही. ती रोज वेगळ्या वेळी चिडते, शब्द मात्र तोच असतो. ही वही नसेल तर ते नाटक तुमच्याशिवाय दुसऱ्या कुणाला उभं करता येणार नाही, आणि वर्षभराने तुम्हालाही येणार नाही.

इथल्या तालमीत नेहमी होणारी एक चूक सांगतो. तालीम होते वर्गखोलीत किंवा कुणाच्या हॉलमध्ये, रुंदी अठरा-वीस फूट. प्रयोग होतो छत्तीस-चाळीस फुटांच्या रंगमंचावर. तालमीत चार पावलांत येणारी एंट्री तिथे आठ पावलांची होते, वाक्य संपतं आणि माणूस अजून चालतोच आहे. मग सगळे म्हणतात, 'नाटक पडलं, एनर्जी नव्हती'. एनर्जीचा काही संबंध नसतो. पहिल्या आठवड्यातच सभागृहात जाऊन टेप लावून मोजा: दर्शनी रुंदी, खोली, विंगांमधलं अंतर, सायक्लोरामाच्या, म्हणजे सगळ्यात मागच्या पडद्याच्या, मागून पलीकडे जाता येतं की नाही. तालमीची जागा लहान असेल तर निम्माच रंगमंच आखा, एका दिवशी डावा आणि दुसऱ्या दिवशी उजवा. पण फूट खरे ठेवा.

आणि स्वतः बसवलेल्या नाटकात मुख्य भूमिका पहिली पाच वर्षं करू नका. करावीच लागली, तर दोन तृतीयांश तालमी होईपर्यंत तुमच्या जागी सहायकाला उभं करा आणि तुम्ही समोर बसा.

आता मुद्द्याचं. एका गाडीत मावणारं नाटक.

पंचावन्न मिनिटं, तीन कलाकार, दोन तंत्रज्ञ. पंचावन्नच का? शाळेचे दोन तास मिळून ऐंशी मिनिटं धरा. मुलं बसायला पंधरा जातात, नाटकाला पंचावन्न, शेवटी गप्पांना दहा. याहून लांब नाटक असलं की मुख्याध्यापक तिसरा तास द्यायला कचरतात आणि बुकिंग जातं. तुमचं कथक आणि गाणं इथे वापरा, पण गोष्टीच्या पोटात. मध्येच नाच आणि मध्येच गाणं घुसवलं तर ते स्नेहसंमेलन होतं. पावलांच्या आवाजावर पाऊस, रेल्वे, बाजार उभा करता आला तर तीनशे मुलं गप्प बसतात, आणि संगीताच्या ट्रॅकचा खर्चही वाचतो.

नेपथ्य म्हणजे एकात एक बसणारे प्लायवूडचे तीन खोके, १८, १६ आणि १४ इंच उंचीचे. त्यांची आसनं होतात, पायऱ्या होतात, टेबल होतं, आणि प्रवासात सगळ्यात आतल्या खोक्यात कपडे मावतात. सोबत एक काळा पडदा, दोन बांबू, सुतळी. लोखंडी फ्रेम कितीही मोह झाला तरी नको. गाडीच्या कॅरियरवर तिचा आवाज थेट गडचिरोलीतल्या वडसापर्यंत ऐकावा लागतो.

दिवे सहा. चार समोरून: रंगमंचाचे डावा आणि उजवा असे दोन भाग पाडायचे आणि प्रत्येक भागावर दोन बाजूंनी, अंदाजे ४५ अंशांतून प्रकाश टाकायचा. उरलेले दोन मागून, म्हणजे माणसं पडद्याला चिकटलेली दिसत नाहीत. शाळांच्या हॉलमध्ये वीज हा मोठाच घोळ असतो. १००० वॅटचा एक हॅलोजन साधारण साडेचार अँपिअर खेचतो. १६ अँपिअरच्या मोठ्या सॉकेटवर तीन निभतात, ६ अँपिअरच्या छोट्यावर एकच. मोठ्यावर चौथा लावला की एमसीबी, म्हणजे जादा भार आला की वीज तोडणारा स्विच, पडतो. कधीकधी तीनच असतात, पण त्याच लाइनवर ऑफिसात चहाची इलेक्ट्रिक किटली लागते आणि ऐन शेवटच्या प्रवेशात अंधार. म्हणून एलईडी पार (डब्यासारखे एलईडी दिवे) घ्या. असे सहा दिवे मिळून एका हॅलोजनइतकीच वीज खातात.

मात्र एलईडी घेताना दोन गोष्टी बघा. लाल-हिरवा-निळा मिसळून पांढरा करणारे स्वस्त दिवे सावळ्या कातडीवर हिरवट-राखाडी झाक आणतात, त्यामुळे निदान समोरचे चार तरी वॉर्म व्हाइट, म्हणजे पिवळसर पांढरे, हवेत. आणि स्वस्त एलईडी मंद होताना शेवटच्या टप्प्यात झटके देत विझतो. तेव्हा नाटकाचा शेवट हळूहळू विरत जाणाऱ्या प्रकाशावर लिहू नका, झटक्यात अंधार करा. स्टँड आठ फुटांचे, पायावर वाळूच्या पिशव्या, आणि वायर जिथे जिथे चालण्याच्या वाटेत येते तिथे टेप. मुलं पळत येतात.

ध्वनीसाठी स्वतंत्र फोन ठेवा, फ्लाइट मोडवर. फाइलींची नावं ०१, ०२, ०३ अशी, आणि तोच फोल्डर दुसऱ्या फोनमध्येही हवा. ऐन करुण प्रवेशात रिंगटोन वाजला की मुलं आठवडाभर तीच नक्कल करतात.

तालमी तीस, संध्याकाळी सात ते साडेनऊ, कारण सगळेच नोकरीवाले. चार वाचनाच्या, दहा हालचाली बसवण्याच्या, आठ तुकड्या-तुकड्यांच्या, पाच सलग, दोन तांत्रिक, एक रंगीत तालीम. लोक वाचनाला दोन दिवस देतात आणि सलग तालमी पंधरा करतात. सलग तालमीत चुका दुरुस्त होत नाहीत, पाठ होतात. नाचाच्या तुकड्यांसाठी जमिनीची काळजी घ्या. काँक्रीटवरच्या टाइल्सवर महिनाभर तत्कार, म्हणजे कथकचं पायांचं काम, केली की नडग्या आणि गुडघे बोलायला लागतात. खाली जाड सतरंजी आणि वर १२ मिलिमीटरचे आठ बाय चारचे प्लायवूडचे तक्ते घातले की पायही वाचतात आणि आवाजही चांगला येतो.

पैशाचा हिशेब असा मांडा. आकडे उदाहरणादाखल आहेत, तुमचे तुम्ही घाला. पाच माणसांचं प्रत्येकी ८०० प्रमाणे ४०००, गाडी २५००, लेखकाचं मानधन ७००, जेवण-चहा ८००, दिवे-कपडे-खोक्यांची झीज १०००. एकूण ९०००. त्यावर वीस टक्के, कारण रद्द होणारे प्रयोग आणि तुमची दिग्दर्शनाची मेहनतही कुठून तरी निघायला हवी. झाले १०,८००. याच्या खाली प्रयोग घ्यायचा नाही. 'या वेळी कमीत करा, पुढे खूप काम देऊ' हे वाक्य ऐकलं की समजा, पुढच्या वेळी तोच कमी आकडा तुमचा भाव असणार आहे. सूट द्यायची तर एकाच ठिकाणी एकाच दिवशी दुसरा प्रयोग ठेवायच्या अटीवर द्या. गाडी आणि मांडणी एकदाच होते, म्हणून तो साठ टक्क्यांत परवडतो. निम्मे पैसे तारीख ठरेल त्या दिवशी, उरलेले प्रयोगाआधी.

संहिता दुसऱ्याची असेल तर लेखकाची लेखी परवानगी घ्या. अनुवाद असेल तर मूळ लेखक आणि अनुवादक अशा दोघांचीही. लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षं हक्क वारसांकडे असतात, त्यामुळे 'जुनं नाटक आहे, कोण विचारतं' हे कामाचं नाही. जाहीर प्रयोगासाठी रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र लागतं. संहिता आधी पाठवावी लागते, म्हणून हे काम वाचनाच्या आठवड्यातच उरका, तारीख जवळ आल्यावर नको. तिकीट लावणार असाल तर पाचशे रुपयांपर्यंतच्या नाटकाच्या तिकिटावर जीएसटी नाही. आपल्याकडे खरा त्रास कराचा नाही, 'पास आहेत का हो?' याचा आहे. पहिल्या प्रयोगापासून पन्नास रुपयांचं का होईना, तिकीट लावा. फुकट आलेला माणूस पहिल्या वीस मिनिटांत उठू शकतो, पन्नास रुपये दिलेला सहसा बसतो.

झाडीपट्टीचं, म्हणजे पूर्व विदर्भातल्या रात्रभर चालणाऱ्या नाटकांचं, तुम्ही विचारलं नाही, पण नाच, गाणं आणि अभिनय या तिन्हींचे पैसे नटीला एकाच कामात मिळतात अशी जागा आपल्याकडे तीच. दिवाळीनंतर मंडई, म्हणजे गावोगावच्या जत्रा, सुरू झाली की होळीच्या सुमारापर्यंत भंडारा, गोंदिया, गडचिरोली, चंद्रपुरात रात्रभर नाटकं चालतात. बहुतेक कंपन्यांची कार्यालयं वडशाला. तिथे नाइटवर, म्हणजे एका रात्रीच्या प्रयोगावर, पैसे ठरतात, तालमी कमी असतात, प्रॉम्प्टरवर, म्हणजे आडून वाक्यं पुरवणाऱ्यावर, नाटक चालतं, आणि हजारोंचा समुदाय थंडीत चादरी पांघरून पहाटेपर्यंत बसतो. त्या गर्दीला धरून ठेवायची ताकद आणि एका हंगामात होणारे प्रयोग शहरात दहा वर्षांतही मिळत नाहीत. शहरी नाटकवाले नाक मुरडतात, मुरडू द्या. परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली ती याच रंगभूमीवरच्या कामासाठी.

फक्त डोळे उघडे ठेवून जा. नाइटचा आकडा, रद्द प्रयोगाचं काय, राहायची आणि कपडे बदलायची जागा, पहाटेच्या परतीची गाडी, हे सगळं आधी लिहून घ्या. वरून टांगलेल्या माइकखाली जाऊन तोंड समोर करून बोलायची सवय लागते, आणि ती शहरात परतल्यावर मोडायला महिना जातो. थंड दवात रात्रभर वरच्या पट्टीत बोलून घसा बसतो. कानावर मफलर, बरोबर कोमट पाणी, आणि प्रयोगानंतर निदान तासभर गप्प. सकाळच्या शाळेबरोबर हा हंगाम जुळत नाही, हे उघड आहे. अर्धामुर्धा करू नका. एक वर्ष रजा काढून पूर्ण करा, नाहीतर विषय सोडा.

बाकी कमाईचं वर्ष साधारण असं बसतं. विदर्भातल्या शाळा जूनच्या शेवटी उघडतात, तेव्हा जुलै ते सप्टेंबर तुमच्या छोट्या नाटकाचे महिने. दिवाळीच्या आसपास स्पर्धेच्या तालमी. डिसेंबर-जानेवारीत स्नेहसंमेलनं, यात पैसा आहे आणि डोकेदुखीही. शहराच्या मध्यावर प्रयोग लावायचा असेल तर हिवाळी अधिवेशनाच्या तारखा आधी बघा. मोर्चांमुळे रस्ते बंद झाले की सिव्हिल लाइन्समधल्या वसंतराव देशपांडे सभागृहापर्यंत यायला निघालेला प्रेक्षक सीताबर्डीवरूनच परत जातो. एप्रिल-मेमध्ये बालनाट्य शिबिरं, सकाळी साडेसात ते साडेदहा. त्यानंतर मुलांना उन्हात घरी पाठवणं बरं नव्हे. आकाशवाणीची नाट्यआवाजाची चाचणी द्या, श्रेणी मिळाली की अधूनमधून काम येतं. सरकारी जनजागृतीची पथनाट्यं करा, पण ते पैसे महिन्याच्या हिशेबात धरू नका. बिल निघेपर्यंत दुसरा हंगाम येतो.

प्रशिक्षणाचं थोडक्यात. राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम मनात असेल तर वयाची मर्यादा तिशीपर्यंत आहे, पदवी आणि निदान सहा नाटकांतला सहभाग मागतात. तुमची तीन आणि दोन मिळून पाच होतात, म्हणजे यंदा आणखी एक हवं. ठरवायचं असेल तर याच वर्षी ठरवा. केंद्राच्या सांस्कृतिक मंत्रालयाची तरुण कलाकारांची शिष्यवृत्ती पंचविशीपर्यंतच आहे, ती हुकली. कनिष्ठ फेलोशिप २५ ते ४० वयासाठी, दोन वर्षं दरमहा १०,००० रुपये. ती नाटक काढायला देत नाहीत, अभ्यासाच्या विषयाला देतात. दंडार किंवा खडी गंमत या आपल्याकडच्या लोकनाट्यांतल्या पदन्यासावर कथक शिकलेल्या माणसाने काम केलं, तर विषय खरंच तुमचा वाटेल. मुंबईला ठरलेल्या कामासाठी किंवा अभ्यासक्रमासाठी जा, 'बघू काय होतं ते' म्हणून जाऊ नका. निदान आठ महिन्यांचं भाडं बाजूला नसेल तर दिवस ऑडिशनऐवजी भाड्याच्या मागे जातात.

तुमच्या परिचयपत्रात काय लिहायचं? 'अभिनय, नृत्य, गायन, दिग्दर्शन, सूत्रसंचालन' अशी माळ लावली की वाचणाऱ्याला वाटतं, यातलं हिला काहीच पक्कं येत नाही. तीन वेगळी पानं ठेवा. झाडीपट्टीच्या निर्मात्याला पहिली ओळ 'गाणारी, नाचणारी अभिनेत्री', शाळेला 'बालनाट्य आणि नृत्य प्रशिक्षक', नाट्यसंस्थेला फक्त 'अभिनेत्री', बाकी खाली. प्रत्येक प्रयोगाची तारीख, स्थळ, भूमिका त्याच रात्री वहीत लिहा, माहितीपत्रकाची एक प्रत जपून ठेवा. व्हिडिओ एकच हवा: मागून स्थिर कॅमेऱ्याने घेतलेला, न कापलेला, दहा मिनिटांचा. संगीत लावून जोडलेल्या दोन मिनिटांच्या तुकड्यांवरून कोणताही दिग्दर्शक काही ठरवत नाही.

राहिली नोकरी. सोडण्याचा हिशेब चांगल्या महिन्यांवर करू नका, डिसेंबर-जानेवारीत सगळ्यांनाच वाटतं की जमलं. फेब्रुवारी-मार्च, परीक्षांचे महिने, शाळांतले प्रयोग बंद आणि शिबिरं अजून लांब. त्या दोन महिन्यांत नाटकातून आलेल्या पैशात घरखर्च भागला, आणि असं सलग दोन वर्षं झालं, तर सोडायचा विचार करा. तोवर अर्धवेळ नोकरी ही तुमच्याकडची सगळ्यात कामाची गोष्ट आहे: सकाळ गेली तरी संध्याकाळ मोकळी राहते, आणि पहिल्या दहा प्रयोगांसाठी तीनशे प्रेक्षक तिथेच बसलेले आहेत. मुख्याध्यापकांना संध्याकाळी सात ते साडेनऊ हॉलची चावी मागून बघा. त्या बदल्यात स्नेहसंमेलनाचं एक नाटक बसवून देईन म्हणा. हो म्हणाले, तर प्लायवूडचे चार तक्ते ठेवायला जिन्याखालची जागाही लगेच विचारून घ्या.